तांडापेठेतली घटकेची सतरंजी: काठाला पैकीच्या पैकी, आवळपट्टी मात्र काठावर पास

घटकेची सतरंजी म्हणजे घटकाभर वेळ भरून ठेवायची आणि लागेल तेव्हा वर बसून वापरायची सतरंजी. ती घेताना गिऱ्हाईक आधी मधली नक्षी पाहतं, मग भाव विचारतं आणि आठ दिवसांनी तक्रार घेऊन येतं की रात्री भरून ठेवलेली वेळ सकाळी निम्मी झाली. दोष मधल्या अंगात नसतो. वेळ गळते ती काठातून. म्हणून तांडापेठेत नाईक तलावाच्या बाजूला जो वेळमाग चालतो, त्याच्या मालाबद्दल लिहायचं तर सुरुवात काठापासूनच करावी लागते. या एका बाबतीत नागपुरात त्याच्या तोडीचं काम दुसरीकडे पाहायला मिळत नाही.

विदर्भातल्या करवतकाठी साडीचा काठ तीन धोट्यांनी विणतात हे इथल्या लोकांना सांगायला नको. डाव्या काठाचा एक धोटा, अंगाचा एक आणि उजव्या काठाचा एक. प्रत्येक फेरीत अंगाचा बाणा, म्हणजे धोट्याने टाकलेला आडवा धागा, काठाच्या बाण्यात अडकवून मागे फिरवायचा. त्यामुळे काठ आणि अंग यांच्यामध्ये शिवण येत नाही, दोन्ही एकमेकांत गुंतून बसतात. तांडापेठेतल्या मागावर वेळेचं कापड याच पद्धतीने निघतं. अंगात भरलेली वेळ असते, काठात कोरी वेळ, म्हणजे बाहेर चालू असते तीच. हा कोरा काठ बांध घालतो. यंत्रमागावर निघणाऱ्या स्वस्त सतरंज्यांत एकच धोटा इकडून तिकडे पळतो आणि काठ नंतर शिवून लावतात. शिवणीच्या भोकाभोकातून वेळ झिरपते. भाव निम्मा असतो, पण महिनाभरात ती सतरंजी नुसती बसायच्या कामाची उरते.

आता मालाकडे. ताणा, म्हणजे उभा धागा, कोशाच्या रेशमाचा, बाणा ८० नंबरच्या सुताचा. ज्या शहरात १८७७ साली एम्प्रेस मिल सुरू झाली, तिथे दुकानात सुताचा नंबर विचारायला लाजू नये. सांगायला टाळाटाळ झाली तर सरळ उठून यावं. ताणा म्हणजे वेळ, बाणा म्हणजे जागा, हा या विद्येचा पहिला धडा. इंचाला ६४ उभे धागे आणि विणलेल्या लांबीच्या प्रत्येक इंचात एक पळ, म्हणजे २४ सेकंद. ६० इंच लांबीच्या सतरंजीत ६० पळं, म्हणजे एक घटका, आपली २४ मिनिटं. पन्हा वाढवला तर वेळ वाढत नाही, माणसं वाढतात: ३६ इंचात एक जण मांडी घालून बसतो, ४८ इंचात दोघं. ‘मोठी द्या, जास्त वेळ मिळेल’ असं म्हणून पन्ह्याचे पैसे मोजणारे फार आहेत. त्यांना तांडापेठेत तरी आधीच थांबवतात.

ताण्याचा तुटका धागा बाण्यात गेला तर काय होतं, हे एकदा समजून घेतलं की एवढी काळजी का घेतात ते कळतं. एका पळात प्रकाश सुमारे ७२ लाख किलोमीटर जातो. वेळेचा बारीकसा तुकडा जागेच्या धाग्यात शिरला तर कापडाच्या त्या बोटभर भागात अंतराचा हिशेबच राहत नाही. तिथे ठेवलेली सुई हाताला लागत नाही. म्हणून वहीफणी करताना, म्हणजे ताण्याचे धागे मागात ओवताना, आणि सांधणीच्या वेळी इथे तुटकी टोकं जमिनीवर पडू देत नाहीत, मागाला बांधलेल्या पितळी डब्यात टाकतात. खळीतही हाच कटाक्ष. ताण्याची आणि बाण्याची खळ वेगळी, भांडी वेगळी, कुंचेही वेगळे.

सतरंजी भरण्याची रीत मात्र सगळ्यात जास्त चुकते. भारताची घड्याळं ८२.५ अंश रेखावृत्तावर लावलेली आहेत, ते जातं मिर्झापूरजवळून. नागपूर त्याच्या पश्चिमेला, साधारण ७९.०९ अंशांवर. एका अंशाला ४ मिनिटं धरली तर आपल्या डोक्यावर सूर्य घड्याळातले १२ वाजून गेल्यावर सरासरी १३ मिनिटं ३८ सेकंदांनी येतो. घड्याळाचे बारा आणि सूर्याचे बारा यांच्यामधली ही वेळ कुणाच्याच खात्यावर नसते. सतरंजी तीच शोषते. १२ ला अंथरायची, ताणा दक्षिणोत्तर. होकायंत्र धरलं तरी चालतं, नागपुरात खऱ्या उत्तरेपासून ते फारसं सरकत नाही. ऊन लागतच नाही, बंद खोलीतही भरते. मे महिन्यात गच्चीवर वाळवणासारखी पसरणाऱ्यांच्या सतरंजीची खळ भाजून निघते आणि धागे पांढुरके पडतात, एवढाच त्यातला फायदा. ताणा पूर्व-पश्चिम पडला तर वेळ भरत नाही, खोलीचा एक कोपरा वीतभर लांबतो आणि कपाटाचं दार लागेनासं होतं. सतरंजी उचलून नीट अंथरली की दुसऱ्या दिवशी तो आपोआप जागेवर येतो.

१३ मिनिटं ३८ सेकंद ही सरासरी झाली. वर्षभरात सूर्य मागेपुढे होतो आणि दुकानात भिंतीला लावलेला हाताने लिहिलेला तक्ता इथेच कामी येतो. फेब्रुवारीच्या दुसऱ्या आठवड्यात हा फरक २८ मिनिटांच्या आसपास जातो, म्हणजे सतरंजी एकाच दुपारी भरते. मेच्या मध्यावर जेमतेम १० मिनिटं मिळतात, जुलैच्या शेवटी २०. आणि ऑक्टोबरच्या मध्यापासून नोव्हेंबरचा तिसरा आठवडा सरेपर्यंत सगळं उलटं: सूर्य घड्याळाच्या आधीच माथ्यावरून जातो. ३ नोव्हेंबरच्या सुमारास पावणेतीन मिनिटं आधी. या दिवसांत दुपारी अंथरलेली सतरंजी भरत तर नाहीच, आहे तीही वेळ परत देते. नेमकी याच दिवसांत दिवाळी येते, चकलीचं पीठ भिजलेलं असतं, घरात कुणालाच वेळ नसतो आणि लोक सतरंजी काढतात. मागावरचे मामाजी पोळ्यापासूनच सांगत असतात, ‘‘आताच भरून गुंडाळून ठेवा जी, दिवाळीत अंथरान आन् मंग म्हनान की रिकामी दिली.’’ १५ सप्टेंबरच्या आत दोन-तीन दुपारी भरून नळीवर गुंडाळून ठेवली आणि काठ चांगला असला तर आठवड्याला पळभर उतरते, त्याहून जास्त नाही. दिवाळीला पन्नासच्या आसपास पळं हातात राहतात.

कितीही वाजता सूर्य येवो, घड्याळात १२ वाजून २४ मिनिटं झाली की सतरंजी उचलायची. ६० पळांच्या वर भरली तर ताणा ताणून बसतो आणि पहिल्यांदा तुटतात ते काठाला लागून असलेले धागे. पुण्याला लेकीकडे पाठवणाऱ्यांनी हे चिठ्ठीवर लिहूनच द्यावं, कारण तिथे सरासरी फरकच साडेचौतीस मिनिटांचा आहे. मुंबईत ३८. कोलकात्याला नेऊच नये. ते शहर घड्याळाच्या पुढे आहे, तिथे सतरंजी रोज रिकामीच होत राहील.

वापरायची कशी, हे दुकानात एका दमात सांगून टाकतात आणि ऐकणारा अर्धं विसरतो, म्हणून इथे जरा सावकाश. भरलेली सतरंजी सपाट जमिनीवर अंथरायची, पूर्ण आत बसायचं आणि पदराकडचा गाठीचा दोरा ओढायचा. आत घटकाभर वेळ जाते, बाहेर एक पळ. हात किंवा पाय काठाबाहेर राहिला तर रक्त तिथे साठपट सावकाश फिरतं, आधी झिणझिण्या येतात, मग गारठा. तसं झालं तर पाय ओढून आत घेऊ नका, दोरा सोडून सतरंजी थांबवा. मोबाईलला आत रेंज मिळत नाही आणि बाहेर आल्यावर त्याचं घड्याळ २३ मिनिटं ३६ सेकंद पुढे दिसतं. नेटवर्क मिळालं की सुधारतं, मनगटी घड्याळ मात्र हाताने मागे करावं लागतं. गरम खायचं असेल तर ताटली काठाबाहेर ठेवावी. तर्री-पोहे सतरंजीवर घेऊन बसलात तर २४ मिनिटांत तेही निवतात, बाहेर ठेवले तर उठल्यावरही वाफाळतेच मिळतात. आणि आत बसलेल्याचं वय घटकाभर वाढतं, हे धरूनच चालावं. इथे फुकट काही मिळत नाही, वेळ फक्त आधी मिळते.

उन्हाळ्यात कूलरची हवा आत पोचत नाही. एका झुळकेला आतल्या माणसाच्या हिशेबाने साठपट वेळ लागतो. मे महिन्यात पूर्ण घटका बसणं अंगावर येतं. निम्म्या घटकेवर दोरा सोडावा, उरलेली ३० पळं सतरंजीतच राहतात.

दुकानात माल तपासायची पद्धत साधी आहे आणि इथे ती गिऱ्हाइकाला स्वतः करू देतात, ही मोठी गोष्ट. सतरंजी लाकडी चौकटीवर ताणलेली असते, दोरा अर्धा ओढलेला. मधोमध वाफाळत्या चहाचा कप ठेवतात आणि काठापासून दोन बोटं आत सेकंदकाटा असलेलं घड्याळ. बाहेरून पाहणाऱ्याला कपावरची वाफ इतकी झपाट्याने उडताना दिसते की वेगळे झोत ओळखू येत नाहीत, मधे एक सरळ पांढरी रेघ उभी राहिल्यासारखी वाटते. काठ पक्का असेल तर ती रेघ सरळच राहते. एखाद्या जागी गळती असेल तर रेघेचं टोक त्या बाजूला कलतं आणि घड्याळ तिकडे सरकवलं की सेकंदकाटा धावता धावता अडखळतो. घड्याळ चारही कडांनी फिरवा. पदराकडचे दोन्ही कोपरे विसरू नका. तिसरा धोटा तिथे संपतो आणि विणकर थकलेला असतो. इथल्या मालात अडखळणं सापडलंच तर बहुतेक कोपऱ्यातच, आणि ते दाखवलं की न कुरकुरता समोर बसून चार बाणे उसवून पुन्हा भरून देतात.

६० बाय ३६ ची सतरंजी ४,२०० रुपयांना, ६० बाय ४८ ची ५,४००. हातमागावर दिवसाला हातभर विणून होतं, म्हणजे एका सतरंजीला साडेतीन दिवस, शिवाय पाजणी, म्हणजे ताण्याला खळ देणं, आणि वहीफणीचे दोन. हिशेब मांडला तर भाव वाजवी आहे. घासाघीस करायची असेल तर पन्ह्यात करा, ताण्याच्या धाग्यांत करू नका. इंचाला ५२ धाग्यांचीही एक सतरंजी मिळते, ३,३०० ला. ती घेऊ नये: पळा-पळात फट राहते आणि आत बसलेल्याला सिनेमाची रीळ उडाल्यासारखे झटके बसतात.

आता आवळपट्टी. इथे कौतुक थांबतं.

आवळपट्टी अंतर कमी करते. पट्टीवरचा एक फूट चालला की तीन फूट पार होतात. स्वयंपाकघरापासून अंगणापर्यंतच्या लांब ओसरीत किंवा वाड्यातल्या बोळात ती उत्तम चालते. पण यात काम करतो तो बाणा, आणि बाणा आडवा असतो. म्हणजे चालण्याची दिशा कापडाच्या पन्ह्यात पडते. पट्टी कितीही हवी असली तरी एका तुकड्याची लांबी मागाच्या पन्ह्याएवढीच, इथे ४८ इंच. त्याहून लांब पट्टी मागितली की दोन तुकडे जोडून देतात, आणि ज्यांचा काठ बिनशिवणीचा म्हणून नावाजला जातो तेच पट्टीला मात्र साधी शिवण घालतात. शिवणीवर अंतर कुणाचंच नसतं. पाऊल तिथे पडलं तर आपण चार बोटं खाली गेल्याचा भास होतो आणि हातात भरलेली कळशी असेल तर ती गेलीच. जोड तीन धोट्यांनी गुंतवून घेणं अवघड आहे, अशक्य नाही. फक्त मजुरी दुप्पट होते. ती घ्या, पण विचारा तरी! गिऱ्हाइकाला हा पर्यायच सांगितला जात नाही, हे खटकतं.

दुसरी अडचण हवेची. सूत ओलाव्यात बळकट होतं आणि कोरड्या हवेत तुटतं, रेशमाचं आणि कोशाचं नेमकं उलटं. सतरंजीत वेळ कोशावर पेललेली, म्हणून तिला पावसाळा जड जातो. पट्टीत भार सुतावर, म्हणून ती नागपूरच्या उन्हाळ्यात ढेपाळते. एप्रिलच्या मध्यापासून पट्टीचं सुरुवातीचं पाऊल तिपटीहून जास्त अंतर खातं आणि शेवटचं कमी, चालणारा ठेचकाळतो. नेमक्या त्याच दिवसांत गच्चीवरच्या कूलरला पाणी नेण्यासाठी लोकांना ती हवी असते. उपाय आहे: पट्टीखाली ओलं गोणपाट अंथरा, सकाळ-संध्याकाळ पाणी शिंपडा. ताणाही सुताचाच असल्याने या पट्टीला ओलाव्याचं भय नाही. पण ३५० रुपये फुटाने विकताना ही गोष्ट पावतीवर लिहून द्यायला काय हरकत आहे?

जिन्यावर घालणाऱ्यांनी एक लक्षात ठेवावं. पट्टी अंतर कमी करते, चढ नाही. तिसऱ्या मजल्यावर बादली न्यायला पावलं कमी लागतील, पण वजन तेवढंच उचलायचं आहे आणि तेवढ्याच उंचीवर. उलट तीन पायऱ्यांचा चढ एकाच पावलात येतो, तो गुडघ्यांना जास्त जाणवतो. सपाट जागेसाठी, ४ फुटांच्या आत, एका तुकड्यात मिळत असेल तरच पट्टी घ्यावी.

रफूचं काम मागच्या खोलीत चालतं आणि सतरंजीखालोखाल तेच या दुकानाचं बलस्थान. दुसरीकडून घेतलेला मालही घेतात. तुटलेल्या उभ्या धाग्याला ३० रुपये, किमान १५०. धागा तुटला की आत बसलेल्याला ठरावीक जागी एक क्षण गाळल्यासारखा वाटतो. कितव्या पळाला वाटतं ते मोजून गेलात तर काम निम्म्या वेळात होतं, कारण पळ म्हणजेच इंच. १७ व्या पळाला झटका बसत असेल तर पदरापासून १७ व्या इंचावर बोट ठेवा, धागा तिथेच सापडतो. सांधणी करताना जुन्या धाग्याला नवा धागा पीळ देऊन जोडतात, गाठ मारत नाहीत. गाठीत वेळ अडकते आणि तो क्षण पुन्हा पुन्हा येत राहतो. शिवलेला काठ उसवून तीन धोट्यांनी नवा चढवायचे ९०० रुपये होतात. यंत्रमागाची सतरंजी आधीच घेऊन बसला असाल तर हा खर्च करण्यासारखा आहे. मात्र मधल्या अंगाला जाळं पडलं असेल तर पैसे घालू नका. इथले कारागीरही तसंच सांगतात आणि परत पाठवतात.

घरी सांभाळताना बहुतेक सतरंज्या घडीत मरतात. १५ इंचांच्या चार घड्या घातल्या की मोडी नेहमी १५, ३० आणि ४५ व्या पळावर येतात आणि वर्षभरात तिथलेच धागे जातात. वेळूच्या जाड नळीवर गुंडाळावी, ताणा नळीभोवती फिरेल अशी. नळी दुकानात ६० रुपयांना मिळते. रिठ्याच्या पाण्यात हाताने धुवायची, पिळायची नाही, सावलीत वाळवायची. धुतली की पूर्ण रिकामी होते, तेव्हा भरलेली असताना धुवू नये. जून ते सप्टेंबर नळी जमिनीवर उभी ठेवू नका, कोसा ओल धरतो. त्यातही जुलैत भरणं चांगलं मिळतं म्हणून मोह होतो. अंथरायच्या आधी कोरड्या फडक्याने फरशी पुसून घ्या आणि खाली एक जाड चटई टाका.

जायचं तर मेट्रोने अग्रसेन चौकाला उतरून ऑटो करावा, गल्लीत चारचाकी शिरत नाही. दुकानाला पाटी नाही; खड्डामागाच्या पावड्यांचा आवाज आणि दाराशी वाळत घातलेला कोशाचा ताणा, एवढ्याच खुणा. दुपारी बारा ते साडेबारा कुणी बोलत नाही, तेव्हा माल भरत असतो. ऑर्डर दिल्यापासून पंधरवडा धरा, पोळ्याच्या आसपास महिना. निम्मे पैसे आधी द्यावे लागतात, पावती पिवळ्या कागदावर मिळते, तिच्यावर पळं आणि पन्हा दोन्ही लिहून घ्या. कुरिअरने पाठवत नाहीत आणि ते योग्यच आहे, नळी आडवी-उभी कशी ठेवली जाईल याचा नेम नाही. भरलेली सतरंजी मागितली तर एका दुपारचे ५० रुपये वेगळे लागतात. घरी दक्षिणोत्तर ६० इंच मोकळी जमीन असेल तर ते देण्याची गरज नाही.